तीन कंगोऱ्यांचं कासव

रामवाडी, पेण
१२ नोव्हेंबर

प्रिय शरद,

तुझं चार ओळींचं पत्र मिळालं. ऋजुताची वही पाठव आणि ती आमच्याकडे आठ महिने नक्की काय करत होती ते कळव, एवढंच लिहिलंयस. रोह्याच्या शाळेत आपल्या वर्गात निबंधाला पुरवण्या मागणारा तू! पण लेक गेल्यावर माणसाचे शब्द आटतात, समजतं मला. वही सोबत आहे. बाकीचं सांगायला दुकानात बसलोय. त्यात तिच्या शेवटच्या दिवसांतली एक गोष्ट आहे, ती लिहून झाल्याशिवाय उठणार नाही.

ती कासवं मोजत होती. तुला वाटायचं, कॉलेजातली नोकरी सोडून पोरगी चिखलात खेळतेय. मलाही आधी तसंच वाटलं, खोटं कशाला बोलू. मी जिते गावच्या मिठागरात वाढलेला, आम्हाला कासव म्हणजे कासव. देवळाच्या दारात दगडाचं असतं तेच, फक्त जिवंत. फेब्रुवारीत एका शेततळ्यावर मोटर दुरुस्तीला गेलो, ती घुरघुरत होती. आवाज ऐकूनच मी म्हटलं, बेअरिंग ठीक आहे, खाली काहीतरी अडकलंय. पाण्यातल्या पाइपाच्या टोकाचा फुटव्हॉल वर काढला तर जाळीला चिकटलेलं कासव. घरी आणलं, हौसाने हळदकुंकू वाहिलं, आणि मी स्कूटरवरून नेऊन ते खाडीत सोडलं. देवाचं जनावर समुद्राला मिळालं म्हणून खुशीत परत आलो.

ऋजुताने वही उघडून माझी उलटतपासणीच घेतली. पाठ कडक होती की ओल्या चामड्यासारखी? कडक, काळी. वर कंगोरे? तीन, लांबच्या लांब. डोक्यावर? पिवळट खुणा. पाय वल्ह्यासारखे की नखांचे? नखांचे, म्हटलं, हा बघ माझ्या हातावर ओरखडा. तिने वही मिटली. काका, समुद्रातल्या कासवाला वल्ही असतात. हे तळ्या-ओढ्यातलं, खाऱ्या पाण्यात नाही तगायचं. त्या संध्याकाळी तिने ताटाला हात लावला नाही. हौसा म्हणाली, जेव गो बाय, कासवाचं सुतक धरलंस काय? तर ही म्हणाली, काकी, पूजा करून मारलंत त्याला. हौसा इतकी रडली की शेवटी ऋजुतानेच तिला घास भरवला.

पुढे मलाच नाद लागला. मऊ पाठीचं, मागचे पाय पोटाखालच्या झडपांत लपवणारं कासव भाताच्या खाचरात असतं, उन्हाळ्यात चिखलात गाडून घेतं, हे आता मी झोपेतही सांगेन. गिऱ्हाईक मोटर घेऊन आलं की आधी त्याच्या तळ्याची चौकशी करायचो. माझा जुना कारागीर शिवा म्हणायचा, शेठ, दुकानाची पाटी तरी बदला. वहीत काही नोंदी माझ्या वेड्यावाकड्या अक्षरात दिसतील, हसू नकोस.

तिच्या आणि आमच्या खोलीत फळ्यांची भिंत. माझे कान तुला ठाऊक आहेत. पलीकडे ती तुला फोन करायचा सराव करायची. बाबा, मी बोलतेय. अजून रागावलायस? फोन लावलेला नसायचाच. तू तिच्याशी बोलत नव्हतास, पण तिचं तुझ्याशी रोज बोलणं चालू होतं. हे मी तुला तेव्हाच सांगायला हवं होतं.

जुलैत दुपारची खाचरातून आली ती कुडकुडतच. पोटऱ्या ठणकत होत्या, डोळे लाल. गल्लीतल्या डॉक्टरांच्या गोळ्या सुरू केल्या. म्हणाली, काका, बाबाला कळवू नका, बरी झाले की मीच जाते. तिसऱ्या दिवशी डोळे पिवळे झाले, तेव्हा मोठ्या दवाखान्यात हलवली. लेप्टो निघाला, खाचरातल्या साचल्या पाण्यातून होतो तो ताप. तुला फोन केला तो तेव्हा. तू पोचलास तेव्हा तिच्या घशात नळी होती.

तिने नको म्हटलं म्हणून मी थांबलो, असं तू समजतोस. तसं नाही, शरद. धंद्यात चाळीस वर्षं काढली, नको म्हणणाऱ्याचं मी कधी ऐकलंय? पहिल्या दुपारीच फळीपलीकडे तिचे दात वाजताना ऐकले, आणि साधा ताप नाही हे मला कळलं होतं. पण तुला कळवलं तर तू तिला तुझ्याकडे पुण्याला नेशील आणि ती परत यायची नाही, हे पहिलं मनात आलं. आम्हाला मूलबाळ नाही. आठ महिने घरात कुणीतरी काका म्हणत होतं. त्या लोभापायी दोन दिवस फोन हातात घेऊन बसलो. हौसा सारखी विचारायची, भावजींना कळवलं काय? मी म्हटलं, कळवलं, येतो म्हणाला. तेराव्याला तू माझ्यापुढे हात जोडलेस, काळू, लेकीसारखी जपलीस म्हणालास, आणि हौसा तुझ्याकडे पाठ फिरवून आत गेली. तिला वाटतं, पहिल्या दिवशी कळूनही बाप आला नाही. गेले चार महिने ती तुला बोल लावतेय आणि मी ऐकून घेतोय. तुझे ते जोडलेले हात मला झेपत नाहीत, म्हणून हे लिहिलं. आता पत्र टाकून घरी जाणार आणि हौसाला समोर बसवून सगळं सांगणार.

तुझाच,
काळुराम