सत्तर टक्क्यांची फटफटी

९ जानेवारी

ही वही इंदूरहून आणली ती रोज लिहायचं म्हणून. आजवर तिच्यावर चहाचे कप ठेवले, एकदा ती आपटून झुरळ मारलं. उद्यापासून, उद्यापासून! आज बसले, कारण खाली भांडण चाललंय आणि गच्चीवर दुसरं करण्यासारखं काही नाही.

भोपाळला मी चार दिवसांसाठी आले होते. दिवाळीनंतर. अनंतमामांना लकवा झाला तेव्हा आई फोनवर म्हणाली, "तुला कुठेतरी भटकायचंच असतं ना, मग तिथे जाऊन भटक. तुझ्या प्रमिलामामीला तेवढीच मदत." मामांचा पाय सुधारला, बोलणं सुधारलं. उजवा हात नाही. बोटं हलतात, पण दुसऱ्या कुणाची असल्यासारखी.

भांडण रबराच्या चेंडूवरून. फिजिओवाल्या मॅडम म्हणतात, दिवसभर दाबत बसा. मामांनी आज तो खिडकीबाहेर भिरकावला. मामी म्हणाली, "उजव्या हाताने फेकला असतात तर मी नाचले असते!" मामा ताटावरून उठले.

११ जानेवारी

दिवाणात रजई शोधताना अद्वैतचा जुना कॉम्प्युटर आणि त्याचा बटणांचा गेमपॅड सापडला. अद्वैत म्हणजे मामांचा मुलगा, हैदराबादला असतो. रजई राहिलीच. कॉम्प्युटर टीव्हीला जोडला, एम्युलेटर टाकला — म्हणजे जुन्या व्हिडिओ गेमच्या मशीनचं सोंग घेणारा प्रोग्राम. गोव्याला हॉस्टेलच्या रिसेप्शनवर बसायचे तेव्हा शिकले. तिथे तेवढंच शिकले.

पडद्यावर रणगाडे आले आणि मागून आवाज — "अरे! हा तर आमचा!" मामा दारात. ते आणि अद्वैत कॅसेट लावून खेळायचे म्हणे, रविवारचं जेवण गार व्हायचं. त्यांनी गेमपॅड घेतला. गोळी उजव्या अंगठ्याने मारायची. एक मारली. दुसरी सुटेपर्यंत उडाले. पुन्हा. पुन्हा. मग पॅड सोफ्यावर ठेवला, अगदी सांभाळून, आणि आत गेले.

चेंडूसारखा फेकला असता तर बरं वाटलं असतं.

१४ जानेवारी

संक्रांत. मामीने तिळगूळ दिला — "गोड बोल, आणि केस विंचर जरा."

प्रत्येक गेमचा स्वभाव वेगळा आहे, हे आज कळलं. रणगाड्यांना टर्बो लावला — बटण नुसतं दाबून धरायचं, गोळ्या सुटत राहतात. तोच टर्बो उड्या मारणाऱ्या माणसाला लावला तर तो बेडकासारखा टुणटुणत खड्ड्यात! त्याचा काढला. त्याची उडी पॅडच्या वरच्या कडेच्या बटणावर नेली, कारण मामांचा अंगठा आळशी आहे पण पहिलं बोट ऐकतं. फटफटीच्या शर्यतीत ॲक्सिलरेटर मात्र अंगठ्यालाच ठेवला. थोडी मेहनत नको?

मग दुपार वाया घालवली. पडद्यावर जुन्या टीव्हीसारख्या आडव्या रेघा येतात, त्या जाड हव्यात की बारीक, यात. मामी म्हणाली, "टीव्ही बिघडवलास!" "मुद्दाम केलंय मामी." "मुद्दाम? डोकं ठिकाणावर आहे ना तुझं?"

१६ जानेवारी

टर्बो असूनही मामा पहिल्याच लेव्हलला मरतात. "झाली आमची एक्स्पायरी," म्हणाले. हसले नाहीत.

म्हणून मी एक केलं. रणगाड्यांचा वेग सत्तर टक्के केला. कळत नाही बघून. फक्त आवाज जाड होतो, म्हणून टीव्हीचा आवाज बंद ठेवला. मामीला सांगितलं, शेजाऱ्यांची कटकट नको.

मामा लेव्हल जिंकले! त्यांनी मला बोलावून पडदा दाखवला. मी म्हटलं, "वा!"

१८ जानेवारी

 मनाला समजावलं — रणगाडे म्हणजे औषधाला साखर. फटफटी खरी. फटफटीला मी हात लावलेला नाही.

मामांनाही तेच सांगितलं. त्यांनी परवा जिंकल्यावर विचारलं होतं, "विने, तू सोपं तर केलं नाहीस ना?" मी म्हटलं, "रणगाड्यांत टर्बो आहे मामा. पण फटफटी एकदम असली. कंपनीतून आली तशी."

त्या दिवसापासून मामा फटफटीच खेळतात. चहा गार होतो. पॅड घट्ट धरतात, अंगठा दाबून दाबून पांढरा होतो. फिजिओवाल्या मॅडम आज म्हणाल्या, "अंकल, क्या बात है, पकड़ आ रही है!" चेंडूचं नावही कुणी काढत नाही.

२१ जानेवारी

फर्स्ट! मामा शर्यतीत पहिले! मामीने घाईघाईत शिरा केला, थोडा लागला, तरी खाल्ला सगळ्यांनी.

शिरा खाता खाता मामा म्हणाले, "हाच हात ॲक्सिलरेटरचा. हाच ब्रेकचा. सव्वीस जानेवारीला मंडीदीपला जाऊ, प्रमिला. कंपनीच्या झेंडावंदनाला रिटायर लोकांना बोलावतात. आपल्या स्कूटरवर."

मामी हसत होती ती थांबली. "अहो, बसने जाऊ ना."

"बसने म्हातारे जातात."

मामी माझ्याकडे बघून म्हणाली, "काय गं, जमेल यांना?" मी काय म्हणाले? म्हणाले, "फर्स्ट आलेत की!" शिरा तोंडात होता, सुचलं ते बोलले.

२२ जानेवारी

आज श्यामकाका आले. मामांबरोबर नोकरीला होते, मागच्या गल्लीत राहतात. त्यांनी रिमोट शोधून आवाज वाढवला, आणि अस्सल भोपाळी थाटात — "को खां अनंता, मुकी फटफटी चालवतोस काय?"

इंजिनाचा आवाज आला. घोगरा, जाड. श्यामकाका हसायला लागले. "ही फटफटी आहे की म्हैस?" मामा म्हणाले, "टीव्हीचा स्पीकर गेलाय जुना. बोलू नको, वळण आहे!" आणि पुन्हा पहिले आले.

मी स्वयंपाकघरात उभी. तोच जाड आवाज!

ते गेल्यावर मेनू उघडला. सेटिंग सेव्ह करायच्या दोन ओळी आहेत, एकीखाली एक. "फक्त या गेमसाठी." आणि "सगळ्या गेमसाठी." रणगाड्यांच्या दिवशी मी खालची दाबली होती. सगळ्यांवर सत्तर टक्के. बेडूक माणसावर. फटफटीवर! असली म्हणून सांगितली ती फटफटी!

मामांचा पहिला नंबर माझ्या एका बटणाचा आहे. आणि त्या नंबरावर ते मामीला मागे बसवून ट्रकांच्या रस्त्याने मंडीदीपला निघालेत.

२३ जानेवारी

सांगायचं ठरवून सकाळी उठले. मामा अंगणात गोणपाट काढून स्कूटर पुसत होते. उजव्या हाताने! फडकं दोनदा पडलं, दोनदा उचललं. कसं सांगणार?

म्हटलं पोहे-जलेबी आणते. न्यू मार्केटात एक माणूस जुनी घड्याळं उघडून बसला होता, त्याच्यापाशी उभी राहिले. मग तलावावर. बदकांना शेव खाऊ घातली, त्यांना आवडत नाही. घरी आले तर जलेबी मऊ.

वेग शंभर करून ठेवू का गुपचूप? हरतील, आपोआप समजेल? की चिडून स्कूटर आजच काढतील? धड एक विचार पूर्ण होत नाही माझा.

२४ जानेवारी

शंभर केला. मग पुन्हा सत्तर केला. घाबरट!

श्यामकाकांनी बॅटरी चार्ज करून आणली. स्कूटर सुरू झाली, मामांनी जागेवरच रेझ केली. गल्लीभर धूर. मामीने कपाटातून तिचं हेल्मेट काढून पुसून ठेवलं. मला हळूच म्हणाली, "मला भीती वाटते गं. पण ऑक्टोबरपासून यांना असं पाहिलंच नव्हतं. मी नाही म्हणणार नाही."

मामी भीत भीत मागे बसणार. माझ्या शब्दावर.

२५ जानेवारी

सांगितलं.

मामा खेळत होते. मी टीव्हीसमोर जाऊन उभी राहिले. "काय गं, काच आहेस का, बाजूला हो!" मी सगळं एका दमात बोलले — सत्तर टक्के, दोन ओळी, खालची ओळ. त्यांना आधी कळलंच नाही. मग म्हणाले, "लाव मग. जो खरा आहे तो लाव."

शंभर लावला. पहिल्याच वळणावर फटफटी खड्ड्यात. पुन्हा. खड्ड्यात. मामी दारात येऊन उभी होती. श्यामकाकांनी त्या दिवशी फुल्ल केलेला आवाज — इंजिन नुसतं किंचाळत होतं. मला ते बंद करायचंही सुचेना.

मामा म्हणाले, "म्हणजे पहिला नंबर पण?"

मी म्हटलं, "तोपण."

"मी अद्वैतला सांगितलं फोनवर." एवढंच. पॅड ठेवला आणि आत गेले. मामी माझ्याकडे न बघता स्कूटरची चावी घेऊन गेली. रागावली का हायसं वाटलं तिला, कळलं नाही. दोन्ही असेल.

२६ जानेवारी

झेंडावंदन टीव्हीवर.  स्कूटरवर पुन्हा गोणपाट.

२७ जानेवारी

मामा खोलीतून येत नाहीत. फिजिओवाल्या मॅडमना दारातून परत पाठवलं. मी बाहेरून म्हटलं, "मामा, हात खरंच सुधारलाय, पकड तर गेमची नाही ना!" आतून — "विनिता, आवाज कमी." विने नाही. विनिता.

मामीला म्हटलं, मी उद्या नागपूरच्या बसने जाते. मामी पोळ्या लाटत होती. "जा. तुला जायला जमतं बाई." मग जरा वेळाने, "डबा घेऊन जा."

जाण्याआधी एकेक गेम उघडला. रणगाड्यांचा टर्बो, बेडूक माणसाचं बटण — सगळं फक्त त्या त्या गेमपुरतं सेव्ह केलं, वरची ओळ, प्रत्येक वेळी मोठ्याने वाचून. फटफटी शंभरवर. खेळायला कुणी येणार नाही, तरी.

२८ जानेवारी

बस अड्डा. बाकावर लिहितेय. नागपूरची बस लागली आहे, कंडक्टर ओरडतोय, माझी बॅग वर चढवली.  डबा उघडलाच नाही. गेल्यावर काय करणार, माहीत नाही. रायपूरला एक मैत्रीण आहे, तिथे —

समोर शहराची लाल बस थांबली. दारात कुणीतरी अडकलंय, मागचे ओरडतायत, कंडक्टर म्हणतोय "आराम से अंकल, आराम से" — मामा! एकटे! पायात घरातल्या चपला, डाव्या काखेत गेमपॅड, वायर लोंबतेय. आणि दांडा धरलाय तो उजव्या हाताने.