चिकन स्ट्यू आणि घरचा भेदी

४ जानेवारी, रविवार

पुढच्या रविवारपासून बाबांसाठी स्ट्यू. चिकनचा, दाट, पोटभरीचा, ताज्या हर्ब्ज घालून. करणार मी.

आई गेल्यापासून बाबांचं जेवण म्हणजे ताटापुढे हजेरी लावणं. दोन घास, की उठले. काल डॉक्टरांनी त्यांना वजनकाट्यावर उभं केलं आणि माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच चोरून खाल्लंय. म्हणाले, पौष्टिक काहीतरी द्या, स्ट्यूसारखं. ही लगेच म्हणाली, मी करते. मी म्हटलं, बाप माझा आहे. ही म्हणाली, बरं.

इतक्या पटकन "बरं"? लग्न झाल्यापासून हिने माझं काही पहिल्या फटक्यात मान्य केलेलं नाही. लक्ष ठेवायला हवं.

मी विमा कंपनीत क्लेम तपासतो. आग लागली की लावली, हे मी राखेच्या वासावरून सांगतो. साहेब म्हणतात, तुम्हाला उगाच संशय येतो. साहेबांच्या या बोलण्याचाही मला संशय आहे.

संध्याकाळी नर्सरीतून थाइम, पार्सली आणि रोझमेरीच्या कुंड्या आणल्या. बाल्कनीत ठेवल्या. समोरच्या फ्लॅटमधल्या शिट्टीबाई जिन्यात भेटल्या. शाळेत खेळ शिकवायच्या, आता निवृत्त. शिट्टी गेली, आवाज राहिला. कुंड्या बघून म्हणाल्या, वा, थाइम! ऊन भरपूर द्या हो.

एवढी चौकशी कशाला?

११ जानेवारी, रविवार

पहिला स्ट्यू.

चिकनवाल्याने विचारलं, काय करणार? सांगितलं नाही. तर म्हणतो, स्ट्यू असेल तर हाडासकट मांडी न्या. याला स्ट्यूचं कोणी सांगितलं? मांडी खपत नसणार, दुसरं काय. मी बोनलेसच घेतलं.

भाज्यांचे तुकडे मात्र पट्टी लावून केले. गाजर, बटाटा, सगळे एकसारखे चौकोनी. असं काम या इमारतीत कोणी करत नसेल.

शिजल्यावर चिकनचा दोरखंड झाला आणि बाकी सगळं पाणी. चिकनवाल्याने मुद्दाम जुनी कोंबडी दिली. ही म्हणाली, सूप छान झालंय. मी म्हटलं, स्ट्यू आहे. ही म्हणाली, तेच ते.

बाबा वाटी घेऊन त्यांच्या खोलीत गेले. वाटी रिकामी परत आली. चाटूनपुसून. यश.

१४ जानेवारी

थाइमच्या चार काड्या गायब. पारव्यांवर संशय घेतला होता, पण काड्या कात्रीने कापल्यात, तिरप्या. पारव्यांना कात्री धरता येत नाही.

हिला विचारलं. म्हणाली, वाऱ्याने गेल्या असतील. वाऱ्यालाही नाही.

१८ जानेवारी, रविवार

दुसरा स्ट्यू. या वेळी पाणी कमी घातलं. करपला. पातेल्याचा तळ पातळ आहे. हे पातेलं हिच्या बहिणीने दिलेलं, तेव्हाच मला शंका आली होती. ही पुटपुटली, नाचता येईना अंगण वाकडं. कोणाबद्दल ते विचारलं नाही.

बाबांनी वाटी पुन्हा खोलीत नेली, पुन्हा रिकामी आणली. म्हणाले, छान. मी विचारलं, नेमकं काय छान? जरा विचार करून म्हणाले, गरम होता.

बाबांना पहिल्यापासून नेमकं बोलायची सवय.

२१ जानेवारी

बाबा हल्ली दुपारी फिरायला जातात. मला अभिमान वाटला असता. पण आज डोकं दुखत होतं म्हणून लवकर घरी आलो, आणि ते परतले तेव्हा सहज बूट पाहिले. धूळ नाही. बाहेर रस्ता खोदून ठेवलाय, मी गाडीतून येऊनसुद्धा लाल झालो होतो.

दुसरी गोष्ट. दाढी केलेली. फिरायला जाताना कोण दाढी करतं?

तिसरी गोष्ट. गुणगुणत होते.

कुठेतरी पाणी मुरतंय.

२५ जानेवारी, रविवार

बाबांचं वजन वाढलं! डॉक्टर खूश. म्हणाले, जे चाललंय ते चालू ठेवा. मी त्यांना माझी पद्धत समजावून सांगितली, चौकोनी तुकड्यांसकट. ही खिडकीबाहेर बघत होती आणि तिचे खांदे हलत होते. भरून आलं असणार.

तिसरा स्ट्यू केला. आता मागे हटणं नाही. मीठ दोनदा पडलं, कारण पहिल्यांदा टाकलं तेव्हा फोन आला. फोन रॉंग नंबर निघाला. नेमका तेव्हाच रॉंग नंबर?

२८ जानेवारी

बाबांच्या बाथरूमचं बेसिन तुंबलं. प्लंबर आला. पाइप उघडून म्हणाला, साहेब, यात भाजी आहे. खरंच होती. गाजर आणि बटाटा, एकसारखे चौकोनी तुकडे. मोजून पाहिले. माझंच माप.

बराच वेळ विचार केला. निष्कर्ष : वरच्या किंवा शेजारच्या घरात कोणीतरी माझ्या मापाने भाज्या कापतंय आणि त्यांचा माल आमच्या पाइपात उतरतोय. म्हणजेच रेसिपी फुटली.

प्लंबरला हे सांगितलं. तो म्हणाला, पाइप असा जात नाही. प्लंबरांना फक्त पाइप कळतात.

१ फेब्रुवारी, रविवार

सगळं उलगडलं.

खाली फलकावर सूचना लागली. बावीस तारखेला इमारतीचा वार्षिक मेळावा, त्यात पाककला स्पर्धा. मी नाव द्यायला गेलो, तर माझ्या आधी शिट्टीबाईंचं नाव. पदार्थ : चिकन स्ट्यू.

आता जोडा. थाइम कोणी बघितलं? त्यांनी. बाबा दुपारी जातात कुठे, बुटाला धूळ न लागता? समोरच्या दारात! बाबांकडून त्या रेसिपी काढून घेताहेत. बिचारे बाबा. म्हातारा माणूस, दोन गोड शब्द बोललं की सगळं ओकून मोकळा.

हिला सांगितलं. हिने हातातलं काम बाजूला ठेवलं आणि अगदी शांतपणे म्हणाली, तू एकदा बाबांशी बोल. सरळ विचार. मी म्हटलं, संशयिताला आधी सावध करायचं नसतं. ही म्हणाली, ते संशयित नाहीत रे, ते तुझे वडील आहेत.

दोन्ही असू शकतं. माझ्या अनुभवात बऱ्याचदा असतं.

५ फेब्रुवारी

सापळा लावला. बाबांना विश्वासात घेऊन खोटं सांगितलं की माझ्या स्ट्यूचं खरं रहस्य म्हणजे शेवटी टाकायची चमचाभर कॉफी पावडर. आता ही कॉफी समोरून बाहेर पडते का बघायचं.

बाबा मान हलवून म्हणाले, नको रे, तिला कॉफीचा वास सहन होत नाही.

मी : तिला? कोणाला?

बाबा : सूनबाईला.

सूनबाई आत बसून कॉफी पीत होती. दिवसातली तिसरी.

 फक्त बाबांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या, एवढं टिपून ठेवतो.

८ फेब्रुवारी, रविवार

पुरावे वाढताहेत. ही आणि शिट्टीबाई लिफ्टपाशी कुजबुजत होत्या. मी दिसताच हवामानावर आल्या. हीसुद्धा त्यांना सामील! घरचा भेदी एक नाही, दोन.

बाबांसाठी नवा शर्ट आलाय, फिकट निळा. हिने निवडला. मला गेल्या वाढदिवसाला रुमाल मिळाले होते.

पार्सलीची कुंडी जवळजवळ बोडकी.

१५ फेब्रुवारी, रविवार

रंगीत तालीम. पार्सली नाही, थाइम उरलं नाही. उरली रोझमेरी, ती मूठभर टाकली. घरभर फरशी पुसल्यासारखा वास. ही म्हणाली, निदान स्वच्छ तरी वाटतंय.

बाबांनी वाटी उचलली, खोलीकडे निघाले, मग थांबले. म्हणाले, तू एवढं का करतोस रे माझ्यासाठी? मी म्हटलं, तुम्ही जेवावं म्हणून. ते काहीतरी बोलणार होते. तोंड उघडलंही होतं. मी मुद्दाम घड्याळाकडे पाहिलं. कबुलीजबाब स्पर्धेआधी नको, जाहीरपणे घ्यायचा आहे.

मग त्यांनी तिथेच, माझ्यासमोर, दोन चमचे स्ट्यू खाल्ला. डोळे मिटून. चवीने असणार.

२२ फेब्रुवारी, रविवार. संध्याकाळ

कसं लिहू?

क्रमाने लिहितो. तळमजल्यावर टेबलं मांडली होती. माझं पातेलं एका टोकाला, शिट्टीबाईंचं दुसऱ्या. त्यांच्या टेबलापुढे रांग. माझ्यापुढे सोसायटीचे खजिनदार, तेही मीठ मागायला आले होते. आणि शिट्टीबाईंच्या शेजारी, निळा शर्ट घालून, डाव हातात घेऊन, हसत हसत वाढत होते कोण? बाबा. स्ट्यूवर पेरलेली पार्सली माझी. मी माझी पार्सली ओळखतो.

मी तडक गेलो. सगळ्यांसमोर विचारलं, बाबा, आता सरळ सांगा, हे तुमचं किती दिवस चाललंय?

सगळी रांग आमच्याकडे वळली. बाबांनी डाव खाली ठेवला. शिट्टीबाईंकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली. मग बाबा म्हणाले, बरं झालं तूच विचारलंस, माझी जीभ रेटत नव्हती. दिवाणखान्यात बसून तुला सांगायचं होतं. आम्ही लग्न करतोय.

मी म्हटलं, आणि रेसिपी?

हे मी खरंच म्हणालो. ही म्हणते, म्हणालास.

मग टाळ्या. सगळ्या इमारतीने टाळ्या वाजवल्या. खजिनदारांनी माझ्या पाठीवर थाप मारली, म्हणाले, आम्हाला वाटलं तुम्हाला माहीत आहे. चिकनवाला खास आला होता, तो म्हणाला, बाई मांडीच नेतात नेहमी. वॉचमनला माहीत होतं. प्लंबरला माहीत होतं! क्लेम तपासनीस राहतो त्या इमारतीत फक्त क्लेम तपासनीसाला माहीत नव्हतं.

पहिलं बक्षीस वरच्या मजल्यावरच्या शिंप्याला, फळांच्या केकसाठी. परीक्षकांत त्याची मेहुणी होती. पण आज मला तेही खोदून काढावंसं वाटत नाही.

२३ फेब्रुवारी

ऑफिसला गेलो नाही. सकाळी स्वयंपाकघरात पातेलं घासत बसलो. बाबा आले, स्टूल ओढून बसले. 

मग त्यांनीच सुरुवात केली. म्हणाले, रागावलास? मी म्हटलं, नाही. म्हणाले, आईची जागा कोणी घेत नाहीये. मी म्हटलं, मला माहीत आहे. माहीत नव्हतं. पण ऐकून बरं वाटलं.

मी विचारलं, तुम्हाला माझ्या हातचं आवडत नव्हतं, तर सांगायचं होतं. बेसिनमध्ये कशाला?

बाबा म्हणाले, आवडण्याचा प्रश्नच नव्हता रे. तू वाढायचास आणि वजनकाट्यासारखा समोर उभा राहायचास. किती खाल्लं, किती उरलं. मला जेवण नको झालं नव्हतं. एकट्याने जेवणं नको झालं होतं. ती समोर बसते, स्वतः जेवते, मधेच माझ्याशी भांडते. भांडणाच्या नादात दोन घास जास्त जातात.

मी म्हटलं, भांडण तर मीही केलं असतं. ते म्हणाले, तू चौकशी करतोस. भांडण वेगळं.

मग त्यांनी माझ्या हातातून घासणी घेतली आणि तळाचा करपलेला थर स्वतः खरवडायला लागले. लहानपणी माझ्या चिखलाच्या बुटांचे तळ असेच खरवडायचे, कोणाला काही न बोलता.

डोळ्यांत पाणी आलं. कांद्यामुळे. कांदे संपलेत, पण वास राहतो.

६ मार्च, शुक्रवार

नोंदणी कार्यालय. भिंतीला पोपटी रंग, पंखा फक्त आवाजापुरता. बाबा निळ्या शर्टात, शिट्टीबाई मोतिया रंगाच्या साडीत. ही दोघांच्या मधे फुलं घेऊन उभी. मी साक्षीदार.

कागद मी नीट वाचले. दोनदा. सवय. ही कानात म्हणाली, सही कर, आग लागलेली नाही.

टेबलामागच्या कारकुनाने पेन पुढे केलं. बाबांकडे बोट दाखवून विचारलं, आपण यांचे कोण? मी म्हटलं, मुलगा. त्याने ते लिहिलं. मग शिट्टीबाईंकडे बोट केलं. आणि यांचे?

आयुष्यात पहिल्यांदा चौकशी माझी चालली होती. शेजारी म्हणू? स्पर्धक म्हणू?  बाबा माझ्याकडे बघत होते, आणि त्यांच्या चेहऱ्यावर मी कधी न पाहिलेली भीती होती. माझी भीती. एवढा मोठा माणूस माझ्या एका शब्दाला घाबरलेला.

शिट्टीबाईच म्हणाल्या, त्या मैदानावरच्या आवाजात, की शेजारच्या टेबलावरची माणसंही वळली : मुलगाच लिहा हो. एकदा लिहिलंय ना, मग खाडाखोड कशाला?

मी सही केली. जरा वाकडी आली. पेन खराब होतं.

बाहेर पडल्यावर त्यांनी मला बाजूला घेतलं. म्हणाल्या, आज रात्री दोघंही जेवायला या, स्ट्यू करतेय. मी मनापासून विचारलं, मी काय करून आणू? त्या लगेच माझा हात घट्ट धरून म्हणाल्या, तू काही म्हणजे काही करू नकोस, बाळा.

ब्रेड नेणार आहे. दुकानातला. कापलेला.