अँब्रोज ऊर्फ आमरस

प्रिय कौमुदीताई,

तुला वाकून नमस्कार आणि रणजितभाऊजींना दंडवत. नवीन बसवलेला गुडघा कुरकुरत नाही ना? इथे आयर्लंडात, कासलबारला आम्ही सगळे खुशाल आहोत. तू आठवडाभर माझा फोन उचलत नाहीस, म्हणून हे पत्र. बाळ-बाळंतिणीसाठी इथे आलेल्या तन्वीच्या आईंनी तुला कळवलं की आम्ही पोराचं नाव ‘आमरस’ ठेवलं. ताई, ते नाव ‘अँब्रोज’ असं आहे. आईंच्या तोंडी ते बसत नाही. (धाकट्याचं श्रीखंड ठेवणार का, असंही त्यांनी विचारून घेतलं.)

त्याचं असं झालं. महिन्यापूर्वी एका रविवारी भर दुपारी तन्वीला कळा सुरू झाल्या आणि आमची गाडी (सेकंडहँड घेऊ नकोस असं तू म्हणाली होतीस; तो विषय आज नको) काही केल्या सुरू होईना. मी शेजारी धावलो. शेजारी म्हणजे अँब्रोज मोरन, पंचाहत्तरी ओलांडलेला, बिनलग्नाचा, मेंढ्या पाळणारा म्हातारा. तो नेमका एका अडलेल्या मेंढीला जीपमधून डॉक्टरकडे नेत होता. म्हणाला, “बसा की, जागा आहे.” तन्वी पुढे बसली आणि मी मागे, मेंढीचं डोकं मांडीवर घेऊन. तन्वी स्वतः डॉक्टर, त्यामुळे दोन कळांच्या मधल्या वेळात ती मला मेंढीबद्दल सूचना देत होती. गाव दिसायला लागलं आणि मेंढी मोकळी झाली. कोकरू माझ्या हातात! अशा वेळी माणूस काय वाटेल ते बोलतो. मी ओरडलो, “मुलगा झाला तर तुमचंच नाव ठेवू!” अँब्रोज म्हणाला, “छे छे, कशाला उगाच.” तन्वी किंचाळली, “ठेवा काय ठेवायचं ते, आधी गाडी हाका!”

मुलगाच झाला. शब्द दिलेला, म्हणून मी नावाचा अर्थ शोधला आणि थक्क झालो. तू जन्मभर मराठी शिकवलीस, तुला आवडेल. अँब्रोज म्हणजे अमर. मूळ ग्रीक, आणि आपल्या ‘अमृत’शी त्याचं सख्खं नातं! शिवाय इथे एकेका वर्गात चार जॅक आणि तीन नोआ असतात. ‘अँब्रोज’ म्हणून हाक मारली की एकच पोरगं वळेल. नर्स म्हणाली, सत्तरीच्या आतला अँब्रोज तिनं पाहिलेलाच नाही. मला ते कौतुक वाटलं. मी लगेच जाऊन जन्माची नोंद करून टाकली.

म्हातारा मात्र भेटला की म्हणायचा, “अजून विचार करा हं. जॅक पण चांगलं नाव आहे.” आम्हाला वाटायचं, विनय. इथली माणसं ‘नाही’ हा शब्द उच्चारतच नाहीत गं. त्यांचा एक ‘ग्रँड’ असतो, त्याचा अर्थ हो, नको, बरं आणि मला वाचवा, यांपैकी काहीही होतो. बारशाला येणार का विचारलं, तर म्हणाला, “ग्रँड.”

बारशाला तू, म्हणजे आत्याच नाही, मग कानात नाव कोण सांगणार? आईंनी निकाल दिला, ज्याचं नाव त्यानंच सांगावं. अँब्रोज सुटाबुटात आला, पाळण्यावर वाकला, बाळाच्या कानात काहीतरी पुटपुटला, आणि ‘कुर्रर्र’ म्हणत बायकांनी त्याच्या पाठीत गुद्दे घालायला सुरुवात केली. (डब्लिनच्या सँट्री भागातून आलेली तन्वीची मैत्रीण यामिनी कराटे शिकते.) ही पद्धत त्याला सांगायचं सगळेच विसरले होते. आपल्या घशात काही अडकलंय आणि ही मंडळी आपला जीव वाचवताहेत, अशी त्याची समजूत झाली. त्यानं कवळी काढून सर्वांना घसा उघडून दाखवला.

मग कवळी बसवून तो सरळ उभा राहिला. म्हणाला, “या नावापायी शाळेत मला रोज अस्सेच गुद्दे बसायचे. या पोराला ते नकोत. याच्या आत्यानं नाव सुचवलंय असं आजी म्हणाल्या, मी तेच सांगितलं. अ‍ॅडवाय.”

ताई, तुझं ‘अद्वय’! तन्वी रडली, मीही रडलो. इतके दिवस तो बिचारा ‘नको’ म्हणत होता आणि मी त्याला अमृताची व्युत्पत्ती ऐकवत होतो. मी माफी मागितली. तो म्हणाला, “ग्रँड.” तेव्हा आता राग सोड. पोराच्या कानात पहिलं नाव गेलं ते तुझंच.

तुझा,
विक्रांत

ता. क. कागदोपत्री मात्र अँब्रोजच राहील असं दिसतं. पासपोर्ट येऊन पडलाय.

ता. क. आत्याच्या मानाची पैठणी आईंनी त्यालाच दिली. रविवारी चर्चला उपरण्यासारखी घेऊन गेला होता. तुला दुसरी घेऊ.

ता. क. मुख्य राहिलंच. मानाची साडी मिळाली म्हणजे मुलाच्या खऱ्या आत्याला भेटून यायला हवं, असं त्यानं ठरवलंय. गुरुवारी सकाळी नागपूरला उतरतो. महिनाभर तुझ्याकडेच असेल. मे महिन्यात नको म्हणून मी खूप समजावलं, पण तो म्हणतो, “उन्हाळ्याचं मला नका सांगू, गेल्या जुलैत आमच्याकडे चांगलं बावीस डिग्री झालं होतं.”