सात जगांचा नमदा

प्रिय सायकाल,

सगळ्यांत आधी टपकली ती जुमाकान. शहराची गाडी पुलावर दिसली की शेजारणीच्या घरातलं मीठ नेमकं संपतं. वाटी घेऊन आली ती चुलीपाशीच ठाण मांडून बसली. मग आले पाहुणे. राजधानीतल्या विद्यापीठाच्या नुरिसाबाई आणि त्यांच्याबरोबर एक उंच, किडकिडीत मास्तर. आपल्या चौकटीवर कपाळ आपटूनच तो घरात शिरला. तुझ्या आजोबाचा नकाशा बघायला आले होते. हो, तोच, लोकरीच्या नमद्यावर शिवलेला, मरणापलीकडच्या सात जगांचा. मी म्हटलं, बघा बाई, आणि जमलं तर घेऊनच जा, मला पाय पसरायला तेवढी जागा होईल.

तुझं पत्र मिळालं. होणाऱ्या सासरचे विचारतात, मुलीचा बाप आहे की नाही ते एकदा सांगून टाका. आणि तू लिहितेस, आजी, आता बाबाच्या नावानंही तेल तापव, म्हणजे प्रश्न मिटेल. वाचलं मी. परत वाचलं. त्याच्याकडे येते, पण आधी मला जरा चिडू दे.

तुझा बाबा, माझा कुबात, रशियात खाणीवर गेला आणि त्याचा फोन यायचा थांबला, त्याच्या पुढच्या हिवाळ्यात म्हाताऱ्याला हे वेड लागलं. जन्मभर जमिनी मोजल्या, पेन्शन लागली, आता घरी बसून नातवंडांशी खेळावं की नाही? नाही. गुरुवारी घरोघरी तेल तापतं, आपण कणकेचे तुकडे, बोर्सोक, तळतो, वासानं आपली गेलेली माणसं येतात आणि झोपेत दिसतात, एवढं सगळ्यांनाच माहीत आहे. कुणी त्याची मोजणी करतं का? हा शुक्रवारी सकाळी गाढवावर बसतो आणि दारोदार विचारत सुटतो. कोण दिसलं, चढावर होतं की उतारावर, पाणी कुठल्या हाताला होतं, अंगात कोट होता का. घरी येऊन खडूनं रेघा मारतो आणि शिवायला मी, कारण एवढ्या विद्वानाला सुईत दोरा ओवता येत नाही. एकेका माणसाची एकेक गाठ, प्रत्येक घराचा रंग वेगळा. चौथ्या जगातली नदी त्यानं इतक्यांदा हलवली की तिथला नमदा उसवून उसवून चाळणीसारखा झालाय. जुमाकानचा सासरा आधी तिसऱ्यात होता, मग तिला पाचव्यात दिसला, तर हा तिच्याशी भांडायला गेला. “वहिनी, एकदा नीट बघून सांगा ना, पाणी डावीकडे की उजवीकडे?” ती म्हणाली, “मी झोपले होते भाऊजी, तुमच्या मोजणी खात्यात नव्हते.”

घरोघर जायच्या आधी पहिला प्रश्न मला, चहासुद्धा ओतू न देता. काल कोण दिसलं? मी म्हणते, तुमची आई, अजून म्हणते पीठ सैल मळलंस. तेवढं ऐकलं की हा मोठा श्वास सोडतो आणि साय लावून पोटभर नान खातो. मला वाटायचं, आई दिसल्याचा आनंद.

तर पाहुण्यांना नमद्याचा फोटो घ्यायचा होता. टांगायला जागा शोधता शोधता मास्तरांना मानाच्या बैठकीवरचा खिळा दिसला. त्यांनी त्याच्यावरचं कुबातचं नान काढलं. तेच, जाताना त्यानं एक घास तोडला आणि उरलेलं परत येऊन खायला आपण टांगून ठेवलं, ते. दगड झालंय आता, पण दात उमटलेले दिसतात. मास्तर शहरात वाढलेले, शोभेचं असेल समजून त्यांनी ते अदबीनं रुमालात घालून खिडकीत ठेवलं. आणि जो माणूस गाढवावरही कधी आवाज चढवत नाही, तो तुझा आजोबा असा गरजला की जुमाकानच्या वाटीतलं मीठ सांडलं. मग स्वतःच ओशाळला, बाहीनं नान पुसलं आणि परत टांगलं.

नुरिसाबाईंनी नमद्यावर हात फिरवला आणि हळूच विचारलं, “आजोबा, तुमच्या घरचा दोरा लाल ना? मग मुलाची गाठ कुठे आहे?”

“नाही.”

“घालायची राहिली का?”

“राहिली नाही, पोरी. सातही जगं पालथी घातली. खोऱ्यातल्या एकाही घराला तो तिकडे दिसला नाही. त्याच्या आईलासुद्धा नाही. नाहीच तो तिकडे.”

किटली माझ्या हातात होती आणि मी भरलेल्या वाडग्यातच चहा ओतत राहिले. इतकी वर्षं बोटं टोचून घेतली मी, आणि हे सांगितलं कुणाला, तर परक्या बाईला. किटली फेकून मारावीशी वाटली त्याला. आणि हसूही यायला लागलं, ते काही केल्या थांबेना. जुमाकान डोळे पुसत म्हणाली, “आधी बोलला असतात भाऊजी, तर मीही सासऱ्याकडे नीट लक्ष दिलं असतं.”

तर बाळ, तू विचारलंस त्याचं हे उत्तर, एवढ्यासाठीच लिहायला बसले. म्हाताऱ्याचा नकाशा खरा की खोटा, मला कळत नाही, माझं शिक्षण ते किती. पण तेल तापवून नाव घेतलं की माणूस त्या वाटेला लागतो, आणि जो तिकडे नाही त्याला मी माझ्या हातानं तिकडे धाडणार नाही. सासरच्यांना सांग, बाप आहे, घरी नाही. नाहीच पटलं तर नवऱ्या मुलाला इकडे घेऊन ये, ते दात त्याला स्वतःच्या डोळ्यांनी बघू दे. फोटो राहिलाच, म्हणून पाहुणेही परत यायचे आहेत. नमद्यासाठी मी दुसरा खिळा ठोकून घेतलाय. मेंढ्या वरच्या कुरणांवरून खाली उतरल्या की पहिल्या गुरुवारी येतो म्हणालेत.

वाट बघणारी, तुझीच,
आजी