ताटात परत ठेवलेला पुडा

निमोणे, ता. शिरूर
दि. २२ जून १९९९

ती. अक्काच्या चरणी,
शि. सा. न. वि. वि.

परवा तुझ्या अंगणातून न जेवता निघालो, त्याबद्दल माफी मागतो. पण जे केलं त्याबद्दल मागणार नाही, हे आधीच सांगतो.

अधिक महिना संपायची वाट बघून आपण नंदिनीचा साखरपुडा धरला. पृथ्वीराज कारगिलकडं, रजा रद्द झालेली, म्हणून बिचाऱ्याला स्वतःच्याच साखरपुड्याला येता आलं नाही. त्याची आई बानूबाई एकट्या ओटी भरायला बसल्या. इथवर सगळं गोड होतं. मग तुझ्या दिरानं, सर्जेरावानं, त्यांनी आणलेल्या साखरेच्या पोत्याची शिवण उसवली आणि माझी नजर छपाईवर गेली. पाकिस्तान! इंग्रजीत, चांगलं बोटाएवढ्या अक्षरांत!

रोज पेपरात शवपेट्यांचे फोटो येतात. ज्या बाईचा एकुलता एक पोरगा तिथं डोंगरावर आहे, त्याच बाईनं ही साखर गावाला वाटावी? माझं डोकं फिरलं. पोतं पालथं केलं, नंदिनीच्या हातातला पुडा घेतला आणि बानूबाईंच्या ताटात परत ठेवला. आपल्या कारखान्याच्या गोडाऊनला साखरेच्या थप्प्या लागल्यात, उचलायला कुणी येत नाही. तिकडं तोफा चालू आहेत, आणि व्यापारी मात्र शेजारणीकडून वाटीभर आणावी तशी साखर आणतायत. मी गप्प बसणारा माणूस नाही, हे तुला लहानपणापासून माहीत आहे.

दाजींना नमस्कार. रागावलीस तरी भावाला तोडू नकोस.

तुझा
मारुती


राहू, ता. दौंड
दि. २६ जून १९९९

चि. मारुतीस,
अ. उ. आ.

पत्र पोचलं. तुझी तब्येत बरी असणारच. एवढं ओरडल्यावर छाती मोकळी झाली असेल.

अरे, तू मामा ना? मुलीच्या मामानं पुडा परत ताटात ठेवला तर त्याचा अर्थ काय होतो, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. सोयरीक मोडली! भर मांडवात, सगळ्या राहू गावासमोर तू माझ्या लेकीची सोयरीक मोडलीस आणि चपला घालून चालू लागलास. मुलाकडची भांडगावची माणसं उपाशी उठून गेली. काल हौशीरामभाऊजी आले होते, ज्यांनी हे स्थळ आणलं ते. त्यांच्याकडं निरोप होता, की बानूबाई म्हणत्यात, पोर मोकळी हाय, दुसरं स्थळ बघा, फकस्त माज्या लेकाला यातलं काय कळवू नका, त्यो वर हाय, त्याचं चित्त थाऱ्यावर ऱ्हाऊ द्या. हे ऐकून नंदिनी जी आत गेली ती अजून नीट जेवलेली नाही.

त्या माउलीला अक्षरओळख नाही. दुकानदारानं दिलं ते तिनं घेतलं. किलो-दोन किलोत भागलं असतं, पण गावभर पुरावी म्हणून हौसेनं अख्खं पोतं आणलं. आणि तू ते मातीत घातलंस. तीन वर्षांमागं तुझा कांदा लंकेला गेला तेव्हा निमोण्यात पेढे वाटत हिंडत होतास. तेव्हा लंकेतल्या शेतकऱ्याचाही कांदा घरात सडत असेलच की. तिथल्या कुणा मामानं भाचीच्या पानातली भाजी उकिरड्यावर फेकली असती, तर त्याला तू शहाणा म्हणाला असतास का?

राग मलाही आला. लेकरं मरतायत आणि यांचा धंदा चालू, कुणाला येणार नाही? पण तुझं म्हणजे आग सोमेश्वरी आणि बंब रामेश्वरी. भांडगावला जा, बानूबाईंचे पाय धर. मामानं मोडलेलं मामालाच जोडावं लागतं. ते होईपर्यंत या घरी येऊ नकोस, पण पत्र पाठवत जा.

तुझी
अक्का


निमोणे
दि. १ जुलै १९९९

ती. अक्का,
शि. सा. न. वि. वि.

पाय धर म्हणतेस! मी साखर परत केली, सोयरीक नाही. एवढा साधा फरक माणसांना कळू नये? कांद्याचं बोललीस ते झोंबलं. पण लंकेशी आपली लढाई चालू नव्हती, हे विसरतेस.

मी हात बांधून बसलेलो नाही. कारखान्यावर जाऊन चेअरमनना गाठलं. त्यांनी चहा पाजला आणि समजावलं, की मारुतराव, ह्ये दिल्लीचं धोरण हाय, परवानं आदीच दिल्यात, शेजाऱ्याशी यापार वाढला म्हंजी भांडणं कमी व्हत्यात. मी विचारलं, की फेब्रुवारीत लाहोरला बस गेली, मे महिन्यात गोळ्या आल्या, मग जूनमध्ये साखर कशी येते? ते हसले. अक्का, ते हसले ते मला पाकिस्तानपेक्षा जास्त लागलं. मग पंचवीस सह्यांचं निवेदन घेऊन शिरूरच्या कचेरीत गेलो. कारकुनानं शिक्का मारला आणि विचारलं, की साखर कडू लागली व्हय?

आता सांग, यांतल्या कुणी माझी माफी मागितली? मग मीच तेवढी का मागावी? नंदिनीला म्हणावं, मामा आहे तोवर स्थळांना तोटा नाही. तुझा जीव माझ्यावरून उडू नये एवढंच मागणं.

तुझा
मारुती


राहू
दि. ५ जुलै १९९९

ती. मामांस,
सा. न. वि. वि.

आईला न विचारता लिहिते आहे. तुमचं पत्र मी वाचलं. मला दुसरं स्थळ नको आहे. हे लाजत सांगायची वेळ तुम्ही ठेवली नाहीत, म्हणून सरळ सांगते.

ह्यांना काही कळवायचं नाही अशी बानूआत्यांची अट आहे. खोटं लिहिता येत नाही आणि खरं लिहायचं नाही, म्हणून मी पत्रच पाठवलेलं नाही. तिकडं वर बसून ते माझ्या पत्राची वाट बघत असतील. रोज बातम्यांना रेडिओ लावते आणि पुरतं ऐकायच्या आत बंद करते.

मामा, साखर मागवणाऱ्याला लाज वाटली नाही, परवाना देणाऱ्याला नाही, विकणाऱ्यालाही नाही. सगळ्या देशात एका तुम्हाला राग आला, आणि तो तुम्ही काढला कुणावर? जिचा मुलगा तिथं उभा आहे तिच्यावर. चेअरमनसमोर तुम्ही चहा पिऊन आलात. त्यांच्या टेबलावरचं तर काहीच पालथं केलं नाहीत.

लहान तोंडी मोठा घास घेतला. तरी भाचीवरचा जीव कमी करू नका.

आपली
राजनंदिनी


निमोणे
दि. ११ जुलै १९९९

ती. अक्का,
शि. सा. न. वि. वि.

पोरीचं पत्र आलं. दोन दिवस ते खिशात घेऊन हिंडलो. काल न्हावऱ्यावरून एसटीनं चौफुल्याला उतरलो आणि भांडगावला गेलो.

बानूबाई दारातच शेंगा निवडत होत्या. बसा म्हणाल्या नाहीत, जा म्हणाल्या नाहीत. एसटीत सगळं पाठ करत गेलो होतो, पण तोंड उघडायच्या आत त्यांनी एक पाकीट पुढं केलं. म्हणाल्या, की सकाळी पोस्टमन देऊन गेला, वाचणारं मास्तर गावाला गेल्यात, तुमी वाचा, तुमास्नी वाचाय येतं ते बघितलंय म्या.

मी वाचलं. पृथ्वीराजनं लिहिलं होतं, की खुशाल आहे, थंडी फार आहे, बरोबरीचे दोघं गेले. आणि साखरपुडा कसा झाला ते सगळं कळव, नंदिनी कुठल्या रंगाची साडी नेसली होती, गावानं साखर खाल्ली का, मामा कुठं उभे होते. ती शेवटची ओळ मी भरकन वाचून टाकली. बानूबाईंनी ती ओळ परत वाचायला लावली.

मी माफी मागू लागलो तर त्यांनी हातानंच थांबवलं. आतून अंतर्देशीय आणलं, माझ्या पुढ्यात टाकलं आणि सांगितलं, की लिवा. त्या सांगत गेल्या, मी लिहीत गेलो. साखरपुडा थाटात झाला. पोर हिरव्या साडीत उठून दिसत होती, ती आता आपलीच सून. गावानं तोंड भरून साखर खाल्ली, पोतं पुरलं नाही.

मग त्या थांबल्या. माझ्याकडं नीट बघितलं आणि म्हणाल्या, की आता असं लिवा, मामा शेवटच्या पंगतीपतूर वाढत व्हतं, सगळे जेवल्याबिगर हाललं न्हाईत.

अक्का, ते मी माझ्या हातानं लिहिलं. या भावावर अजून माया करायची की नाही, हे आता तूच ठरव.

तुझा
मारुती