तिसरी पुकार

रवि., २ फेब्रु.
स्नेहल-प्रशांतच्या लग्नाची पहिली पुकार झाली. पाळकसाहेबांनी दोन्ही नावं खणखणीत वाचली. भाऊ-वहिनी गेल्यापासून स्नेहलची पालक मीच, म्हणून निळी सिल्क नेसून पहिल्या बाकावर. न्हावऱ्याहून मुलाकडचं मात्र एक माणूस नाही! प्रशांत आधीपासून म्हणत होता, "आत्या, कोर्टात सही करू, मग घरी प्रार्थना." मी उडवून लावलं. आपण काय चोर आहोत? तीन रविवार नावं वाचायची, कुणाची हरकत नसली की मग देवळात लग्न. आम्हा ख्रिस्ती लोकांत असंच होतं. ईस्टरआधीचा उपवासकाळ लागायच्या आत उरकायचं आहे.

मंगळ., ४ फेब्रु.
प्रशांतची आई एस.टी.ने आली. पिशवीभर कांदे. बसायच्या आधीच, "बाई, देवळात नाव कशापायी घेतलं?"
मग कळलं. प्रशांतला पाटबंधारे खात्यात नोकरी लागली ती राखीव जागेवर. जात पडताळणी अजून बाकी. कागदावर हिंदू मातंग.
"आणि घरात?"
"घरात येशूच की. सासऱ्यापासनं."
ज्वारी की बाजरी सांगावं तसं सांगितलं. मी म्हटलं, हा खोटेपणा आहे.
"खोटं काय त्यात? देव बदलला म्हनून गावानं आमची वस्ती बदलली व्हय? तुमाला इंग्लिश शाळा घावली बाई, आमाला ह्यो दाखला घावला."
मी म्हटलं, शाळेत फुकट मार्क नव्हते मिळत. ती खारी चहात बुडवून खात राहिली. दुसरा कप विचारला नाही. विचारायला हवा होता.

गुरु., ६ फेब्रु.
डोकं भणभणतंय. हिंदू, शीख, बौद्ध असाल तर सवलत. ख्रिस्ती किंवा मुसलमान झालात की संपली, कारण आमच्यात म्हणे जात नाही. नाही? मग रविवारी देवळाच्या पायरीवर मंडळीच्या सेक्रेटरीच्या बायकोनं पहिला प्रश्न काय विचारला? "मुलगा मूळचा कोण?" मी म्हटलं, मूळचा आदामाचा. तोंड वाकडं करून गेली.
आमच्या आजोबांना मिशननं उचललं, शिकवलं. प्रशांतच्या आजोबांना फक्त बाप्तिस्मा दिला. तरी खोटं ते खोटंच. की…

शनि., ८ फेब्रु.
स्नेहल रांजणगावहून कंपनीची शिफ्ट संपवून थेट आली. जेवली नाही.
"आत्या, उपासना मोबाइलवर लाइव्ह असते. माहीत आहे ना तुला?"
नव्हतं माहीत. म्हणजे पुकार गावभर. प्रशांतच्या जागेवर डोळा ठेवून बसलेले वेटिंगवाले आहेत, कुणी तक्रार केली की नोकरी गेली. वर फसवणुकीचा डाग.
म्हटलं, सत्याला भ्यायचं का?
"तुला शाळेची पेन्शन आहे. तू बोल."
कानफटात मारल्यासारखं झालं. मग नीट विचारलं, तुला देवळात लग्न हवंय का?
"हवंय. आईबाबांचं झालं तिथंच. आणि त्याची नोकरीपण हवीय."
दोन्ही कसं मिळेल ते तिनं विचारलं नाही.

रवि., ९ फेब्रु.
दुसरी पुकार. लाइव्ह बंद करायला लावलं. पाळकसाहेब म्हणाले, "कुणाची हरकत असेल तर आताच सांगावी." शेवटच्या बाकावरून प्रशांतची आई उठली. ती आल्याचं मला दिसलंच नव्हतं. पदर डोक्यावर, हात जोडलेले.
"हरकत न्हाई साहेब. फकस्त नाव जरा हळू घ्या."
लोक हसले. पाळकसाहेबही. ती पण थोडी हसली, काहीतरी चुकलं असेल अशा समजुतीनं. त्यानंतर मी तिच्या शेजारी जाऊन बसले. गाणं तिला सगळं पाठ. पुस्तक मलाच लागलं.

बुध., १२ फेब्रु.
काही नाही. स्नेहलचा फोन नाही. कांदे संपत नाहीत.

शनि., १५ फेब्रु.
दुपारी पाळकसाहेबांचा फोन. कोणी एक अनोळखी माणूस फाटकाशी येऊन गेला. प्रशांत तुमच्या मंडळीत कधीपासून, बाप्तिस्मा कुठं झाला, विचारत होता. त्यांनी उत्तर दिलं नाही.
"बाई, उद्या नावं वाचू की थांबू? तिसरी पुकार झाली नाही तर मला लग्न लावता येणार नाही. तुम्ही पालक. तुम्ही सांगा."
स्नेहलला विचारलं. रडली, मग म्हणाली, "मला नको विचारूस." त्याच्या आईला विचारलं. "तुमी शिकलेल्या हाव बाई." यात टोमणा होता की नव्हता, अजून ठरत नाही.
शेवटी प्रशांतला फोन लावला. मागे ट्रॅक्टरचा आवाज. मग, "आत्या, तुम्ही म्हणाल तसं."
आयुष्यभर, शाळेत, घरात, मंडळीत, लोकांनी मला हेच म्हणावं म्हणून भांडत आले. आज एकानं म्हटलं तर ते शब्द त्याला परत करावेसे वाटतात.