त्या दिवशीची सही

१४ नोव्हेंबर, मंगळवार

प्रिय भाऊजी,

नमस्कार. इकडे आम्ही सगळे बरे आहोत. तुमच्या आईंना आता सुईत दोरा ओवता येतो असं कळलं, फार बरं वाटलं. आमच्या धाकटीचे पुढचे दोन दात पडलेत, तरी तोंड काही बंद होत नाही. स्वयंपाकघरातला नळ अजून गळतोच. सगळ्या गावाला पाणी सोडणाऱ्या माणसाच्या घरचा नळ गळका, म्हणून तुम्ही यांना किती चिडवायचात!

काल ऑफिसातून पत्र आलं. यांच्या भरपाईचा दावा मंजूर झाला. पत्रात 'कर्तव्यावर असताना मृत्यू' असं स्वच्छ लिहिलंय. मी ते आमच्या मोठ्याला तीनदा वाचून दाखवलं. पहिल्या पत्रात काय होतं, ठाऊक आहे ना? 'सुट्टीच्या दिवशी विनापरवानगी पंपघरात गेल्यामुळे.' जणू हे चोरी करायला गेले होते. पोरांना ते पत्र मी दाखवलंच नव्हतं.

मी आपली समजत होते, माझ्याच खेट्यांना यश आलं. म्हणून काल आस्थापनेतल्या बाईंचे आभार मानायला गेले. त्या म्हणाल्या, माझे कसले आभार मानता, आणि फाइल उघडून तुमचा जबाब पुढे ठेवला.

'हजेरीतली त्या दिवशीची सही माझी नाही. मी आईला डोळ्यांच्या ऑपरेशनसाठी घेऊन दवाखान्यात होतो. माझ्या जागी माझा हा मित्र ड्यूटीवर होता.'

एवढंच. तुमची पंपघरातली रीत मला माहीत होती हो. एकाच्या जागी दुसरा गेला की सहीही पहिल्याच्याच नावाने ठोकायची, म्हणजे वर कोणी विचारायला नको. हे तर तुमची सही तुमच्यापेक्षा झोकात करायचे. पण त्यामुळे कागदावर तुम्ही हजर आणि हे सुट्टीवर, असं होऊन बसलं. तुम्ही गप्प राहिला असतात तर तुमच्या केसालाही धक्का लागला नसता. बढती गेली, त्या लांबच्या पंपघरावर बदली झाली, आणि मला कोणी सांगितलंसुद्धा नाही. तुमच्या बायकोनेही नाही. धन्य आहे तुम्हा दोघांची.

आणि मी काय केलं? यांना नेलं त्या दिवशी चारचौघांत म्हणाले, "तुम्ही पाठवलंत त्यांना. पुन्हा माझ्या दारात पाऊल ठेवू नका." चौथ्या दिवशी यांचा डबा घासूनपुसून फाटकाच्या कडीला अडकवून गेलात. मी आत होते. खिडकीतून बघत होते.

आता जे लिहायला बसले होते ते लिहिते, नाहीतर परत नळाचंच सांगत बसेन.

त्याच्या आदल्या संध्याकाळी तुम्ही ड्यूटीचं विचारायला आलात तेव्हा हे 'बघतो' म्हणाले ना? तुमची पाठ वळल्यावर म्हणाले, अंग कसकसतंय, त्याला दुसरं कोणी बघू दे. जाणारच नव्हते. मीच ओरडले, "धाकटी तापाने फणफणली होती तेव्हा रात्रभर कोण बसलं होतं? मुकाट्याने जा." तेव्हा कुठे त्यांनी तुम्हाला फोन केला. सकाळी डबाही मीच भरला. मग पंपाच्या विजेच्या पॅनलचा शॉक लागला आणि सगळं संपलं.

वर्षभर हे मी कोणाला सांगितलं नाही. स्वतःला बोल लावायची हिंमत नव्हती, म्हणून तुम्हाला लावला. तुम्ही तो गपचूप अंगावर घेतलात, वर आमच्यासाठी स्वतःची नोकरी पणाला लावलीत. तुमचे उपकार मी कसे फेडू, मला कळत नाही. मोठ्याला काल सगळं सांगितलं, माझंही. त्याने ऑफिसचं पत्र घडी करून ठेवलं. मग म्हणाला, काकांना बोलाव.

तेव्हा रविवारी या. बायकोला आणि आईंनाही आणा. येताना पाना आणा, नळ तुम्हीच नीट करायचाय.

तो डबा वर्षभर फळीवरच होता. आज धाकटीला त्यातून पोळीभाजी दिली.

त्या दिवशी यांना मी पाठवलं होतं, भाऊजी, तुम्ही नाही. हे मी माझ्या हाताने लिहून देते आणि खाली सहीही माझीच करते.

तुमची,
वहिनी